वसईचा आणखी एक तह

ये बाई, अशी जवळ ये. जवळ म्हणजे या कागदाजवळ. तू स्वतः येशील तेव्हा येशील. नायगावला टॉवरमध्ये राहतेस, वसईपासून एका स्टेशनावर, आणि सहा महिने झाले तरी आजीचं घर तुला सापडत नाही. माझी आई गास गावाहून चालत यायची माझ्याकडे, डोक्यावर वांग्यांची पाटी. आल्या आल्या पाणीसुद्धा न मागता आधी माझ्या सासूची चौकशी करायची. तुझ्याकडे लिफ्ट आहे, रिक्षा आहे, फोन आहे, फक्त यायचं तेवढं नाही.

परवा फोनवर म्हणालीस, "आजी, दादाचं त्या दिवशी किल्ल्यात नेमकं झालं काय गं? दादा एक सांगतो, आजोबा दुसरंच सांगतात, आणि होणारी वहिनी नुसती हसते." आता विचारतेस! ही आग लावली कोणी? तुझ्याच घरच्या वास्तुशांतीला तुझ्या दादाची आणि त्या मुलीची ओळख झाली. तुझ्या खिडकीतून खाली जी भातशेती दिसते ना, खाडीला लागून, ती तिच्या आजोबांची. आग लावलीस आणि ज्या दिवशी विझवायला माणूस हवं होतं त्या दिवशी तुला ऑफिस!

तर नीट बस आणि ऐक. मोबाइल उलटा ठेव.

तुला माहीत आहेच आपल्या घरची रीत. सोयरीक ठरवायची तर दोन्ही घरच्या सगळ्यात थोरल्या माणसांनी एकत्र किल्ल्यातल्या देवीला जायचं, मुलीची ओटी भरायची, आणि दोघांनी मिळून एकच सुपारी देवीपुढे ठेवायची. दोघांचा हात लागला की सोयरीक पक्की. एकाचाच लागला तर नाही. तुझ्या आईबाबांनी घरात आधीच हो म्हटलं होतं, पण तुझ्या आईबाबांना विचारतं कोण? हात लागणार होता तुझ्या आजोबांचा.

आणि आजोबांच्या मनात नव्हतं. तोंडाने नाही म्हणत नव्हते. मुलगी शिकलेली, बँकेत नोकरी, माणसं सरळ. नाही म्हणायला काही सापडतच नव्हतं त्यांना. पण आपण समुद्राकडचे वाडीवाले, केळी-पानवेलीचे; ती खाडीवरची भातवाली माणसं. एकाच वसईत शेकडो वर्षं राहतो, एकमेकांच्या बाजारात जातो, पण सोयरीक कधी झाली नव्हती. हे बोलायची आता लाज वाटते ना, म्हणून माणूस दुसरं काहीतरी शोधतो. तुझ्या आजोबांनी काय शोधलं असेल? लढाई. आत्ताची नाही, तीनशे वर्षांपूर्वीची.

किल्ल्याच्या दारातून आत शिरलो आणि यांचं सुरू. तुला पाठ आहे ते सगळं. दर दिवाळीला ऐकलंयस. वसई म्हणजे साधं गाव नव्हे, फिरंग्यांच्या, म्हणजे पोर्तुगीजांच्या, उत्तरेकडच्या मुलखाची राजधानी! आधी गुजरातच्या सुलतानाची, त्याच्याकडून फिरंग्यांनी घेतली. दोनेकशे वर्षं त्यांनी राज्य केलं, मग मराठ्यांनी वेढा घातला, सुरुंग लावले, बुरूज उडवला. मग इंग्रज आले, त्यांनी घेतली, मग तहात परत दिली, मग पुन्हा घेतली. आजोबा सांगताना छाती अशी काढतात की कुणालाही वाटावं, प्रत्येक वेळी किल्ल्याची किल्ली यांच्याच कनवटीला होती. मी मागून ओटीचं ताट घेऊन चालत होते. मनात म्हटलं, इतक्या वेळा घेतली आणि दिली, तर एक सुपारी ठेवायला एवढा काय त्रास?

मुलीबरोबर तिघं आलेली. तिचे आजोबा, आजी, आणि टेम्पो चालवायला काका. आजोबा म्हणजे काटक, काळेशार, कानावर केस, पायात रबरी चप्पल. तोंडाने गोड आणि जिभेने तिखट. आल्या आल्या तुझ्या आजोबांचा पांढराशुभ्र लेंगा-सदरा वरखाली बघितला आणि म्हणाले, "पाहुनं, लय सफेद आलाव. आमच्याकडे सफेद घालून माणूस एक तर पुढारी असतो, नाय तर बगळा." आजीने त्यांना कोपराने ढोसलं. मला हसू आलं, पण मी वराकडची ना, मी ते गिळलं.

टेम्पो कुठे लावायचा हा प्रश्न निघाला. त्या दिवशी किल्ल्यात ही गर्दी, लग्नाआधीचे फोटो काढणाऱ्यांची. एकेक पोरगी दहा हात लांब भाड्याचा झगा घालून पडक्या भिंतींतून पळतेय, आणि मागून एक माणूस तो झगा हवेत उडवतोय. रस्ता सगळा त्यांच्या गाड्यांनी भरलेला. तेव्हा मुलीचे आजोबा काकांना म्हणाले, "जेटीच्या बाजूला खाली लाव. पानी अजून लांब हाये, वाळू कडक हाये."

तुझे आजोबा म्हणाले, "पाणी येईल हो."

"पाहुनं, पानी कवा येतं ते आमाला सांगता?" त्यांनी बोटांवर हिशोब केला. "आज पंचमी. तिथीची पाऊणपट, म्हनजे पावणेचारला पुरी भरती. आमच्या बांधाला पानी लागतं तीनला. आत्ता वाजलेत सव्वा. सुपारी ठिवून, जेवून, झोप काढून निघालो तरी टेम्पो कोरडा."

काका गेले, टेम्पो लावून आले. दादा आणि ती मुलगी देवळाकडे पुढे गेली. आम्ही चौघं म्हातारे हळूहळू चाललो, आणि तिथंच चुकलं. म्हाताऱ्या माणसांना हळू चालायला दिलं की ती बोलायला लागतात.

फुटक्या बुरुजापाशी आजोबा थांबले. काठी वर करून म्हणाले, "इथं सुरुंग उडाला. बाहेर आपली फौज. आणि त्या फौजेला भाजीपाला, केळी, पाणी कोणी पुरवलं? आम्ही वाडीवाल्यांनी. फौज काय उपाशी लढते?"

मुलीचे आजोबा म्हणाले, "अन् चिखलातून शिड्या कोनी वाहिल्या? दलदलीत वाट कोनी दाखवली? आमच्या मानसांनी. फौज चिखलात बुडाली असती तर तुमची केळी खाल्ली असती कोनी, बगळ्यांनी?"

"तसा कुठे लेख नाही."

"तुमच्या केळ्यांचा हाये?"

मी म्हटलं, "अहो, देवळात मुलं थांबलीत." पण दोघांनाही मी ऐकूच येत नव्हते. बाई, मी पन्नास वर्षं संसार केला आहे, माणूस भांडणाच्या कुठल्या पायरीवर आहे ते मला पाठीकडून बघून कळतं. यांचे कान लाल झाले की समजायचं आता नको ते बोलणार. झाले कान लाल.

"खाडीवाल्यांचं काय सांगता," हे म्हणाले. "वेढा पडला होता तेव्हासुद्धा फिरंग्यांना मीठ कोण विकत होतं?"

मुलीची आजी "अगं आई" म्हणाली आणि खालीच बसली, एका दगडावर. मुलीचे आजोबा शांत झाले. तिखट माणूस शांत झाला की वाईट. म्हणाले, "असं? मंग ऐका पाहुनं. दोनशे वर्सं फिरंगी या किल्ल्यात राह्यले, ते खात काय होते? दगड? तुमच्या वाड्यांची केळी खाऊनच जाडे झाले ना ते? तुमी पोसले, म्हनून आमाला लढावं लागलं."

तेवढ्यात एक फोटोवाला आला आणि म्हणाला, "काका, थोडे साइड में हो जाओ ना, फ्रेममध्ये येताय." दोघेही एकदम त्याच्यावर ओरडले. त्या दिवशी तोवर तेवढ्या एकाच गोष्टीवर त्यांचं एकमत झालं होतं.

मग तुझ्या आजोबांनी काठी आपटली. "सुपारी राहू दे," म्हणाले. "आजचा दिवस बरा नाही." आणि निघाले गावाकडच्या भुईदरवाजाकडे. ते निघाले म्हणून मुलीचे आजोबाही वळले आणि काकांना पुढे पाठवून जेटीकडे चालायला लागले. एक पूर्वेला, एक पश्चिमेला. आणि आम्ही दोन बायका मधोमध, एकीच्या हातात ओटीचं ताट, दुसरीच्या हातात नारळाच्या वड्यांचा डबा.

मी देवळाच्या पायरीकडे बघितलं. तुझा दादा उभा होता. लहानपणी पतंग फाटला की जसा चेहरा करायचा, तसा चेहरा. अठ्ठावीस वर्षांचा घोडा, पण चेहरा तोच. मुलगी मात्र आमच्यापर्यंत आली, तिच्या आजीला हात देऊन उठवलं आणि मला म्हणाली, "आजी, लढाई संपली की मला सांगा. मी थांबते." म्हटलं, ही आपल्या घरात नांदेल. पण आणायची कशी?

तेवढ्यात जेटीकडून आरडाओरडा.

काकांचा आवाज. "बाबा! टेम्पो!"

आम्ही तिथं पोचलो तर काय दिसलं! समुद्राचं पाणी टेम्पोच्या मागच्या चाकांना लागलेलं. काका घाईघाईने गाडी काढायला गेले आणि चाक रुतलं. जेमतेम अडीच वाजत होते. मुलीचे आजोबा हातातल्या घड्याळाकडे बघत होते, मग पाण्याकडे, मग परत घड्याळाकडे, जणू दोघांतलं एक फितूर झालंय.

पलीकडे सुकत घातलेल्या बोंबिलांपाशी एक कोळीण बसली होती, तिथल्याच बंदराची, कमरेला आवळलेलं लुगडं, गळ्यात क्रूस. ती म्हणाली, "कवाची बघतंय मी. कुठच्या भरतीचा हिशोब केला बाबा?"

"आमच्या बांधाचा," ते पुटपुटले.

"तुझ्या बांधाला पानी जातं ते आमच्या दारावरनंच जातं. हिथं आधी येतं, मंग तुझ्याकडे. खाडीच्या तोंडाशी उभा राहून आतलं घड्याळ बघतो होय?"

बाई, आयुष्यभर त्या माणसाने भरती बरोबर सांगितली होती, गावात त्यांच्या शब्दावर लोक खारं पाणी अडवणाऱ्या बांधाच्या झडपा उघडायचे. पण नेहमी आपल्याच बांधावर उभं राहून. खाडीच्या तोंडाशी कधी गाडी लावायची वेळच आली नव्हती.

आता तुझे आजोबा कुठे होते? रिक्षास्टँडपर्यंत पोचले होते, तिथं कुणीतरी सांगितलं की पाहुण्यांचा टेम्पो बुडतोय. परत आले. मदतीला आले असं ते सांगतात. मी सांगते, बघायला आले. एवढ्या लगबगीने ते माझ्या बाळंतपणालासुद्धा आले नव्हते. जेटीवर उभं राहून, काठीवर दोन्ही हात ठेवून, गोड आवाजात म्हणाले, "काय पाहुणे, पंचमीच आहे ना आज?"

ते चाकाभोवतीची वाळू हातांनी उपसत राहिले. पाणी वाढत होतं. आणि मग तुझ्या आजोबांना राहवेना. वाडीवाल्या माणसाला चिखलात रुतलेलं चाक दिसलं की सल्ला दिल्याशिवाय चैन पडत नाही. म्हणाले, "केळीचे खांब घाला चाकाखाली. आम्ही पावसाळ्यात बैलगाडी अशीच काढायचो. थांबा, आणतो." दादाला घेऊन गेले. किल्ल्याबाहेरच यांच्या मित्राची वाडी, तिथून हातगाडीभर ताजे खांब घेऊन आले. स्वतः पाण्यात उतरले, बरं का! पांढऱ्या लेंग्यानिशी. स्वतःच्या हाताने चाकाखाली खांब सारले आणि काकांना हुकूम सोडला, "दे आता जोर!"

काकांनी दिला जोर. चाक गरागरा फिरलं. ओला केळीचा खांब म्हणजे साबण, त्यावर चाक पकड घेतंय कशाला? एक खांब असा सुटला की यांच्या पोटरीवर बसला, आणि चिखल, पाणी, केळीचा चीक, सगळं यांच्या अंगावर. टेम्पो आणखी वीतभर खाली.

काका खिडकीतून म्हणाले, "आजोबा, बैलगाडीला बैल ओढतात. हिचं चाकच ओढतं."

हे आजोबांना पन्नास वर्षांत कुणी सांगितलं नव्हतं, कारण वाडीत टेम्पो कधी रुतलाच नव्हता. तसेच उभे राहिले, डोक्यापासून पायापर्यंत ठिपक्यांचे. आणि केळीचा डाग तर तुला माहीत आहे, कापड फाटेल पण डाग जाणार नाही. मुलीचे आजोबा शेजारीच गुडघाभर पाण्यात. त्यांनी तोंडावर पंचा धरला होता. मला वाटलं रडतायत. हसत होते.

कोळीण उठली, बोंबिलांवरचे कावळे हाकलले आणि हाळी दिली. घराघरातून सात-आठ माणसं आली, होडी ओढायचा जाड दोर घेऊन. दोर बांधला. "हय्या हो" सुरू झालं. आणि ओढायला लागल्यावर मात्र ते खांब कामाला आले, टेम्पो त्यांच्यावरून घसरत अलगद वर आला. आजोबा आजही म्हणतात, टेम्पो केळीच्या खांबांनी निघाला. मुलीचे आजोबा म्हणतात, भरतीच्या पाण्याने उचलला म्हणून निघाला. कोळणीला विचारलं तर ती म्हणते, "दोर कोनाचा होता?"

टेम्पो वर आल्यावर ती या दोघांना म्हणाली, "मगाधरनं ऐकतंय मी. बुरुजावर बोललेलं हिथवर येतं. तुमच्या आज्या-पंज्यानं घेतला, त्यांच्या आज्या-पंज्यानं घेतला. घ्या की. कोन कोन आले आन् गेले, बोंबील सुकवायची जागा आमचीच हाये." आणि परत जाऊन बसली.

दोघेही जेटीच्या कठड्यावर टेकले. मी मुलीच्या आजीच्या हातातला वड्यांचा डबा घेऊन उघडला. खाल्ल्याशिवाय तह होत नाही, हे मला इतिहासाने नाही, चार दिरांच्या घरात राहून कळलं. मुलीची आजी माझ्या कानाशी लागली. हळूच म्हणाली, "ताई, एक इनंती. भरतीचं कुठं बोलू नका. गावात कळलं तर यांना बांधावर कोन उभं नाय करनार. तेच्यावरच जगतात ओ ते."

मी तिच्याकडे बघितलं, मग आपल्या चिखलाच्या पुतळ्याकडे बघितलं, आणि मला रस्ता दिसला.

मोठ्याने म्हटलं, "हे बघा, मी कुणाला सांगणार नाही. पण मी बाईमाणूस. परक्याची गोष्ट माझ्या पोटात किती दिवस राहणार? आठ दिवस, फार तर पंधरा. सोयऱ्याची गोष्ट असती तर वेगळं. घरची गोष्ट घरात राहते."

मुलीच्या आजीला लगेच कळलं. शहाणी बाई. ती म्हणाली, "आमचंबी तसंच. या पाहुन्यांच्या केळ्याच्या खांबाचं सोयऱ्यानं कसं सांगायचं? पन सोयरीक नसली तर... आमच्या गावात रोज संध्याकाळी पारावर बसतात मानसं. काही तरी विषय लागतोच."

आजोबांनी वडी तोंडाशी नेलेली तशीच खाली ठेवली. त्यांना आपल्या वाडीवाल्यांचा कट्टा दिसला असणार, आणि त्यावर बसलेले ते सगळे टगे म्हातारे, आयुष्यभर हे ज्यांना केळीवरून अक्कल शिकवत आले.

मग मुलीचे आजोबाच बोलले. हसणं ओसरलं होतं. "पाहुनं, मीठ इकलं असल आमच्यातल्या कोनी. पोट सगळ्यांना असतं."

तुझे आजोबा चिखलाचे हात पुसत होते, ते पुसतच राहिले. म्हणाले, "केळीही विकली असतील." आणि मग, माझ्याकडे न बघता, "मला भीती होती, पाहुणे. तुमची नाही. आमची माणसं काय म्हणतील याची."

"आमाला बी तीच होती," ते म्हणाले. "मी बोललो नाय, येवढंच."

बाई, लग्नाच्या इतक्या वर्षांत मी त्या माणसाच्या तोंडून 'भीती' हा शब्द पहिल्यांदा ऐकला. मला त्यांना चिडवायचं होतं, पण जमलं नाही. मी फक्त लेंग्यावरचा केळीचा डाग उगाच चोळून बघितला. गेला नाही.

सूर्य कलला होता. मुलगी आली, दोघांच्या मध्ये उभी राहिली आणि विचारलं, "झाली का लढाई?" तिचे आजोबा म्हणाले, "तह झाला." तुझे आजोबा लगेच म्हणाले, "वसईचा तह फार वाईट होता, त्यात पेशव्यांनी सगळं घालवलं." मी म्हटलं, "अहो, गप्प बसा आणि चला." तशीच सगळी वरात देवळात गेली, चिखलाचे पाय घेऊन. पायऱ्यांवर सात माणसांची पावलं उमटली. पुजाऱ्याने आम्हाला बघून आधी घंगाळातलं पाणी दाखवलं, मग देवी दाखवली. दोघांनी सुपारी धरली. एकाचा हात वाळूने खरखरीत, दुसऱ्याचा चिकाने चिकट, त्यामुळे सुपारी सुटेना. देवीपुढे ठेवायला मुलीने ती दोघांच्या बोटांतून सोडवून घेतली. तुझा दादा मागे उभा राहून डोळे पुसत होता. तो सांगतो ते समुद्राचं वारं होतं. असेल.

हे तुला सांगून मी तह मोडला आहे, हे मला कळतं. पण तू काय परकी आहेस?

आता पुढचं ऐक. तुळशीचं लग्न झालं की दादाचं. हळद त्यांच्या बांधावर करायची की आपल्या वाडीत, यावरून परवापासून दोन्ही आजोबांचे फोन सुरू झाले आहेत. काल पाऊण तास चालला. मी कान लावून ऐकलं, तर हळदीचा विषय पाच मिनिटं, आणि उरलेला वेळ इंग्रजांनी वसई घेतली तेव्हा तोफा कुठून डागल्या त्याचा. दोघांचेही कान लाल होणार, लक्षणं दिसतात. मुलीची आजी तिकडे सांभाळते, मी इकडे, पण माझा आता आवाज पुरत नाही. त्यांना गप्प करायला एक तरणा आवाज हवा, आणि तुझा आवाज किती तरणा आहे ते लहानपणी अख्ख्या गल्लीने ऐकलंय. तेव्हा या रविवारी ये. ऑफिस सांगू नकोस. येताना खिडकीतून वहिनीचे आजोबा शेतात दिसले तर त्यांनाही सोबत घेऊन ये, आणि दोघं मिळून जेवायलाच या. मी भात जास्त लावते.